वाकडीवरच्या नऊ पायऱ्या

दादा, तुझ्या बाराव्याला आपल्या दारात चपलांइतकेच स्केटबोर्ड होते. ओट्यावर, तुळशीच्या कडेला, पाण्याच्या टाकीला टेकवलेले. पनवेलची पोरं होती, खारघरची होती, दोघी तर थेट पुण्याहून आल्या होत्या. आई आत-बाहेर करताना दोनदा अडखळली आणि मला म्हणाली, "बाय, या पोरांना सांग, ती चाकं उलटी करून ठेवा. कुनीतरी पडंल." मी सांगायला बाहेर आले, तर अल्फिया आधीच एकेक बोर्ड उलटा करत फिरत होती. तुझी शिष्या ती. बोर्ड मोकळा सोडायचा नाही, हे तू पहिल्याच दिवशी प्रत्येकाला सांगायचास.

आत बायकांमध्ये मावशीने हळूच विचारलं, "जितू नक्की काय करायचा गं?" काकांनी बाहेरूनच उत्तर दिलं, "द्रोणागिरीला गोदामात होता. फोर्कलिफ्ट चालवायचा." खरंच आहे ते. कुणीतरी म्हणालं, पिक्चरमध्ये काम केलं होतं त्याने. तेही खरं. पण तेवढंच नव्हतं. एका वाक्यात सांगता येत नव्हतं, आणि तुझ्याबद्दल अर्धवट सांगणं माझ्या जिवावर आलं होतं. म्हणून आता तुलाच सांगते. तुला सगळं माहीत आहे, एक गोष्ट सोडून. ती मी तुझ्यापासून लपवली होती.

तू पंधरा वर्षांचा होतास आणि मी नऊची, तेव्हा बोटीवर असलेल्या मामाने तो बोर्ड आणला. मामाला वाटलं होतं, पोरं त्यावर बसतील आणि एकमेकांना दोरीने ओढतील. आपण तसंच खेळलो की सुरुवातीला. मी बसायची, तू ओढायचास, आणि गावाच्या बाहेर नवीन झालेल्या सेक्टरच्या रस्त्यांवरून आपली वरात निघायची. तेव्हा तिथे इमारती कमी आणि रस्ते जास्त होते. मग एक दिवस तू पनवेलला एसटी स्टँडजवळच्या सायबर कॅफेत गेलास आणि परत आलास तो वेगळाच होऊन. कुठल्या तरी परदेशी पोराची मिनिटभराची क्लिप तू बघून आला होतास. तो त्याच बोर्डावर उभा राहून हवेत उडत होता आणि बोर्ड पायाला चिकटल्यासारखा त्याच्याबरोबर वर येत होता. "उज्जू, दोरी सोड," तू म्हणालास. "हे उभं राहून करायचं असतं."

शिकवणारं कुणी नव्हतं. पनवेल तालुक्यात तेव्हा दुसरा स्केटबोर्ड असेल असं मला वाटत नाही. तू कॅफेत जाऊन एकच क्लिप पुन्हा पुन्हा बघायचास, मागचा पाय कुठे आहे, पुढचा कुठे सरकतो ते वहीत चित्र काढून आणायचास, आणि मग आपल्या ओट्यासमोर संध्याकाळभर पडायचास. पहिली उडी जमायला तुला सात महिने लागले. त्या दिवशी तू मला उचलून गोल फिरवलंस आणि मग एकदम गंभीर होऊन म्हणालास, "त्या पोराला कुणीतरी शूट केलं म्हणून मी शिकलो. नाहीतर मला कळलंच नसतं की असं काही असतं." पुढे तू जे जे केलंस त्याचं मूळ या वाक्यात आहे, असं मला आज वाटतं. दुनियेत कुठेतरी कुणीतरी बघेल म्हणून तू शूट करायचास. स्वतःला बघायची हौस तुला नव्हती. तुझे किती फोटो आहेत आपल्याकडे? बाराव्याला भिंतीवर लावायला एक धड सापडेना.

माझ्या हातात कॅमेरा तुझ्यामुळे आला हे मी लोकांना सांगते, पण तुला कधी नीट सांगितलं नाही. बारावीनंतर मी पनवेलच्या एका स्टुडिओत लग्नाच्या शूटिंगचं मिक्सिंग, म्हणजे एडिटिंग, शिकायला लागले. शेठने झूम बिघडलेला एक जुना हँडीकॅम मला दिला. मी हिरमुसले होते. तू म्हणालास, "झूम कशाला पाहिजे? तू जवळ ये ना."

जवळ येणं म्हणजे काय ते तुलाच ठाऊक होतं. स्केटिंगचं शूटिंग उभं राहून होत नाही. शूट करणाऱ्यानेही दुसऱ्या बोर्डावर उभं राहायचं, कॅमेरा जमिनीपासून वीतभर वर धरायचा, आणि पुढच्याच्या चाकांच्या मागे मागे जायचं. म्हणजे मला शिकावंच लागलं. ओढणी कमरेला बांधून मी सेक्टरच्या रस्त्यावर पडत होते आणि नळावरच्या बायका बघत होत्या. एक जण आईकडे तक्रार घेऊन आली, पोरगी वयात आलेली, हे काय चाललंय. आईने भाकरी थापता थापता सांगितलं, "पडली तं माझी पडंल. तुमची तं नाय ना?"

आपली पहिली फिल्म चार मिनिटांची होती आणि तिला एक वर्ष लागलं. फक्त रविवार मिळायचे. वडाळे तळ्याचा कट्टा, मार्केटमधली पहाटेची मोकळी गल्ली, बँकेच्या पायऱ्या. प्रत्येक ठिकाणी दहा मिनिटांत वॉचमन यायचा. मी घाबरून कॅमेरा पिशवीत घालायची. तू मात्र बोर्ड हातात घेऊन त्याच्याकडे चालत जायचास, नमस्कार करायचास आणि आधी त्याचं नाव विचारायचास. गाव कुठलं, ड्युटी किती वाजता सुटते. बहुतेक जण तरीही हाकलायचेच. पण एक जण म्हणाला होता, "दोन बार कर ले, फिर जा. मैं उधर देखता हूँ." फिल्म तयार झाल्यावर शेवटी नावं टाकायची वेळ आली तेव्हा तू मला एक कागद दिलास. त्यावर आपल्याला हाकलणाऱ्या अकरा वॉचमनची नावं होती.

"यांची कशाला?" मी विचारलं.

"यांच्या जागेत शूट केलं आपण," तू म्हणालास.

बंगळुरूला देशभरातले स्केटर जमले होते तेव्हा ती फिल्म एका गॅरेजच्या भिंतीवर दाखवली. मी पहिल्यांदाच महाराष्ट्राबाहेर गेले होते. शे-दीडशे पोरं जमिनीवर बसली होती, अर्ध्यांच्या हाताला प्लास्टर. तुझ्या उड्यांना टाळ्या पडल्या. पण अकरा वॉचमनची नावं वर सरकायला लागली तेव्हा आख्खं गॅरेज उभं राहिलं. तू मागे, दाराजवळ, खाली मान घालून उभा होतास. त्या दिवशी मला तुझा इतका अभिमान वाटला की मी तुझ्याशी भांडले. काय म्हणून भांडले ते आठवत नाही. तसंच व्हायचं माझं.

पिक्चरची गोष्ट मात्र आठवते, कारण ते भांडण आपण कधी संपवलंच नाही. हिंदी सिनेमाचा एक माणूस तुझी फिल्म बघून आला. हिरोला पाठलागाच्या सीनमध्ये स्केटबोर्डवरून पळायचं होतं, आणि हिरोला तर बोर्डावर उभंही राहता येत नव्हतं. तू चार दिवस गेलास. हिरोची पँट, हिरोचे बूट. आपण सगळे पनवेलला थिएटरात गेलो, बाबा सोडून. दोन तास आपण वाट बघितली आणि मग पडद्यावर फक्त पाय आले. गुडघ्याखाली. सात-आठ सेकंद. मी रडकुंडीला आले होते आणि तेवढ्यात आई थिएटरात मोठ्याने ओरडली, "यो पाय तं माझ्या जितूचा हाय!" पुढच्या रांगेतली माणसं वळून बघायला लागली. तिने तुझ्या डाव्या पायाचं किंचित बाहेर वळणं ओळखलं होतं. तू चालायला लागलास तेव्हापासून ती ते बघत होती.

शेवटच्या नावांमध्ये तुझं नाव नव्हतं. बाहेर आल्यावर मी तुला म्हणाले, "तू वॉचमनची नावं टाकतोस आणि यांनी तुझं टाकलं नाही. तुला राग कसा येत नाही?"

तू म्हणालास, "आईने ओळखलं ना."

हे उत्तर मला तेव्हाही पटलं नव्हतं. आजही पटत नाही, दादा. तुला राग यायला हवा होता. पण त्या पिक्चरनंतर आपल्या कामोठ्यात तुझ्याकडे मुलं यायला लागली हेही खरं. आधी दोन आली, मग सहा, मग अल्फिया आली. तिची अम्मी लांब उभी राहून पूर्ण तासभर बघत होती आणि शेवटी तुला म्हणाली, "भाई, हड्डी नहीं टूटनी चाहिए." तू म्हणालास, "अम्मी, मोडेल एखादं. पण मी आधी पडायलाच शिकवतो." खोटं आश्वासन देता आलं नाही तुला. तरी तिने मुलीला पाठवलं.

आणि या सगळ्यात बाबा कुठे होते? घरातच होते. आपली जमीन सरकारने सेक्टर वसवायला घेतली तेव्हा तू लहान होतास. मी तर पाळण्यात होते. मला बाबा आठवतात ते खुर्चीत बसलेले. शेतकरी माणूस, हाताला काम नाही. तुझ्या स्केटिंगबद्दल ते एकच वाक्य बोलायचे आणि तेही आईला. "जमीन गेली, आनि पोरगा त्याच जमिनीवर चाकं फिरवतो." तू समोर असलास तरी तुझ्याकडे बघून बोलायचे नाहीत. तू ऐकून घ्यायचास आणि बोर्ड घेऊन बाहेर पडायचास. वीस वर्षं हे असंच चाललं.

मग मागच्या वर्षीचा तो रविवार आला. सेक्टरमधल्या त्या शॉपिंग कॉम्प्लेक्सच्या नऊ पायऱ्यांवर तू प्रयत्न करत होतास. दुकानं उघडायच्या आधीची वेळ. वॉचमन यादवजी स्टुलावर बसून चहा पीत होते. तेवढ्यात बाबा आले. आईने त्यांना तुला न्याहारीला बोलवायला पाठवलं होतं, फोन लागत नव्हता म्हणून. बाबा पायऱ्यांखाली उभे राहिले, पण तुला हाक मारायची सोडून इकडेतिकडे बघायला लागले. मान वाकडी करून दोन इमारतींच्या फटीतून त्यांनी लांब कर्नाळ्याचा सुळका शोधला. मग मागे वळून गावदेवीच्या देवळाचा कळस. दोन पावलं डावीकडे सरकले. पुन्हा सुळका, पुन्हा कळस.

"आरं," ते म्हणाले, "ही तं वाकडी हाय."

वाकडी म्हणजे आपलं शेत. बांध वाकडा होता म्हणून वाकडी. तू बोर्डावरून उतरलास. बाबा पायऱ्यांकडे बोट दाखवत म्हणाले, "हितं बांध होता. भरतीचा पानी आला की आमी इथंच उभं राहायचो, मी आनि तुजा आजोबा. आनि तिथं, त्या एटीएमपाशी, उघाडी. पानी सोडायचं दार." ते सलग इतकं बोलले म्हणून मी कॅमेरा चालू केला. तुला न विचारता. तू मला डोळ्यांनी 'थांबू नकोस' म्हणालास.

त्या दिवशी न्याहारी थंड झाली आणि आपली दुसरी फिल्म सुरू झाली. रविवारी सकाळी बाबा पुढे, आपण मागे. सुळका आणि कळस धरून ते एकेक शेत शोधून काढायचे. शाळेच्या मागे लांबोडी, पेट्रोल पंपाजवळ मधली खार, क्लासेसच्या इमारतीखाली आत्याचा तुकडा. शेजाऱ्यांचीही शेतं त्यांना पाठ होती. बाबा नाव सांगायचे, तिथे कसलं भात व्हायचं, कुणाची भांडणं झाली ते सांगायचे, आणि मग तू त्या जागेवरून स्केट करायचास. खाली बाबांचा आवाज, वर तुझी चाकं. द्रोणागिरीलाही गेलो, तुझ्या गोदामाच्या मागच्या रस्त्यावर, कारण तिथे आजोळचं मिठागर होतं. आई त्या दिवशी सोबत आली होती. तिने वाकून रस्त्याला हात लावला.

एकदा घरी परत येताना बाबा तुला म्हणाले, "मधल्या खारीत जरा हळू जातंस तू. तिथं जमीन पयल्यापासून उताराची हाय, जोर घे." वीस वर्षांत बाबांनी तुला स्केटिंगबद्दल सांगितलेली ती पहिली गोष्ट. तू "हो" म्हणालास, आणि घरी पोचेपर्यंत माझ्याकडे बघितलं नाहीस. मी बघितलं. तुझे डोळे भरले होते.

फिल्मचं नाव 'वाकडी' ठरलं आणि शेवट त्या नऊ पायऱ्यांवर करायचा हेही ठरलं. वरच्या ओट्यावरून जोरात यायचं, उडी मारायची, हवेत बोर्डाने स्वतःभोवती एक पूर्ण गिरकी घ्यायची आणि खाली रस्त्यावर चारही चाकांवर उतरायचं. विशीत तू हे डोळे झाकून केलं असतंस. आता तू अडतीसचा होतास आणि तुझा एक गुडघा जिना चढतानाही कुरकुरायचा. सहा रविवार तू पडलास. मी म्हणाले, पायऱ्या कमी करू, शाळेमागे चार पायऱ्यांचा जिना आहे. तू म्हणालास, "चार पायऱ्या लांबोडीत येतात. वाकडीत नाय." हसायला आलं मला, पण तू चेष्टा करत नव्हतास.

सातव्या रविवारी तू पडलास तो वाईट पडलास. मनगट अंगाखाली आलं आणि आवाज आला. मी कॅमेरा रस्त्यावर ठेवून धावले. तू बसूनच माझ्यावर ओरडलास, "कॅमेरा का ठेवलास? पडलेलं शूट कर!"

"मी तुझी बहीण आहे," मी ओरडले, "तुझी कॅमेरामन नाहीये!"

"तू दोन्ही आहेस!"

"मग मी दोन्ही बंद करते."

मी कॅमेरा उचलला, बंद केला आणि तुझ्याकडे पाठ करून पिशवीत भरायला लागले. चेन लागत नव्हती. मागे बाबांचा आवाज आला, "जितू, बस झालं." मग चाकांचा आवाज, ओट्यावरचा, जोर घेतलेला. मग काहीच नाही. मग एकदम चारही चाकं रस्त्यावर टेकल्याचा आवाज, एकच, भरलेला. आणि यादवजींची आरोळी.

मी वळले तेव्हा तू एटीएमपाशी उभा होतास. सुजलेलं मनगट छातीशी धरलेलं, आणि तोंडभर हसू. तू मला विचारलंस, "बघितलंस?"

मी "हो" म्हणाले.

दादा, मी बघितलं नव्हतं. तेवढं एकच तुला माहीत नव्हतं. तुझ्या आयुष्यातली सगळ्यात अवघड उडी तुझ्या बहिणीने, तुझ्या कॅमेरामनने, पाठ फिरवून ऐकली. नंतर दोन आठवडे मी मागे लागले की मनगट बरं झालं की पुन्हा करू. तू ऐकेनास. "झालं ते झालं. बाबांनी बघितलं, तू बघितलंस. फिल्ममध्ये पडलेलं लाव." मी म्हणाले, फिल्म पडून संपत नाही. तू म्हणालास, आपली संपेल. मी रागाने मिक्सिंग थांबवून ठेवलं. तुला वाटलं असेल ही हट्टी आहे. मी पुन्हा कर म्हणत होते कारण मला ते एकदा तरी बघायचं होतं, आणि हे कबूल करायची लाज वाटत होती.

मग तो मंगळवार आला. इतक्या वर्षांत इतक्या ठिकाणी पडून तुला काही झालं नाही, आणि गोदामात जेवणाच्या सुट्टीत, डबा उघडून बसल्या जागी तू गेलास. तुझ्या सुपरवायझरने मला सांगितलं, समोरच्याला चटणी दे म्हणत होता. एवढंच.

बारावं संपल्यावर सगळे गेले, अल्फिया मागे राहिली. तिने विचारलं, "ताई, 'वाकडी' कधी पूर्ण होणार?" मी म्हणाले, शेवट नाहीये. ती म्हणाली, "भाईने तो बोला था, आखिरी में वही है जिसमें वो गिरते हैं." तू तिलाही सांगून ठेवलं होतंस. मला बगल देऊन. आधी राग आला, मग सुटल्यासारखं वाटलं. तीन आठवडे बसून मी फिल्म पूर्ण केली. शेवटी तुझं पडणं आहे. तुझा चेहरा वेदनेने आवळलेला, तोंडातून "कॅमेरा का ठेवलास" निघतंय, आणि चित्र आडवं आहे, कारण कॅमेरा खरंच रस्त्यावर पडलेला आहे. मग अंधार. मग नावं. यादवजींचं, बाबांचं, आईचं, शेतांची सगळी नावं. आणि सगळ्यात वर, एकट्या ओळीत, तुझं. ते मी तुला विचारून केलेलं नाही. यावर आता भांडण नको.

गेल्या रविवारी संध्याकाळी आपल्या शाळेच्या भिंतीवर ती दाखवली. स्केटर मंडळी येणार हे ठाऊक होतं. गाव येईल असं वाटलं नव्हतं. पण बाबांनी सकाळी घरोघर जाऊन सांगितलं होतं, म्हणून म्हातारी माणसं खुर्च्या घेऊन आली, बायका चटया घेऊन आल्या. तुझे स्केटर कडेला आपापल्या बोर्डांवर बसले.

फिल्म सुरू झाली आणि पाचव्या मिनिटाला गोंधळ सुरू झाला. भिंतीवर तू पेट्रोल पंपासमोरून जात होतास आणि मागून एक म्हातारबा ओरडले, "आमची! ही आमची कोपऱ्याची खार!" त्यांना गप्प करायला एक आजी उठल्या, तर भिंतीवर पुढचा चौक आला आणि त्याच ओरडल्या, "थांब थांब, इथं माझ्या सासऱ्याची विहीर होती!" मग कुणी कुणाला आवरेना. ज्या शेतांची नावं तीस वर्षांत कुणी घेतली नव्हती ती नावं माणसं भिंतीकडे बोट करून ओरडत होती. एक नाव बाबांनी चुकीचं सांगितलं होतं म्हणून भांडणसुद्धा झालं. पुण्याच्या पोरींना काही कळत नव्हतं, पण त्या जोरजोरात टाळ्या वाजवत होत्या.

शेवटी नऊ पायऱ्या आल्या. तू पडलास. बायकांनी "आई गं" म्हणून तोंडावर पदर धरले. भिंत काळी झाली, नावं वर गेली, आणि माणसं हात जोडून उठायला लागली. गावाला वाटलं असणार, तू तिथेच गेलास. मला ते सुचलंच नव्हतं. मी माईक घ्यायला उठले आणि मला कळेना काय सांगू. मी तर बघितलंच नव्हतं.

तेवढ्यात बाबा उठले. त्यांना माईक धरता येत नव्हता, मी त्यांच्या तोंडापाशी धरला.

"बसा," ते म्हणाले. "संपला नाय. पुढचा मी सांगतो. कॅमेऱ्यात नाय तो, माझ्या डोल्यात हाय." त्यांनी डावा हात आडवा धरला, ओट्यासारखा, आणि उजव्या हाताची दोन बोटं त्यावर उभी केली. "पोरगा उठला. हात सुजलेला. मी बोललो, बस झालं. त्यानं माझ्याकडं बगितलं, आनि वर गेला. जोर घेतला. हितून सुटला ना," आणि त्यांची बोटं हाताच्या कडेवरून उडाली, "तेव्हा त्याच्या पायाखाली काय नव्हतं. फली खाली, गोल फिरते, आनि ह्यो वरती, पाय जवळ घेऊन. बगळा उतरतो तसा. घाई नाय. खाली बघत नाय. समोर बघतो, माझ्याकडं. मना वाटलं, आता पडतो. तं फली आली. आपसूक पायाखाली आली. दोन्ही पाय मधोमध. आनि बांधावरून उतरून माझ्या पोरानं वाकडी आख्खी पार केली, उघाडीपर्यंत. मी बगितली. हा यादव हाय इथं, त्याला इचारा."

यादवजी उभे राहिले आणि त्यांनी हात वर केला.

मी माईक धरून बाबांच्या बोटांकडे बघत होते. दादा, बघितली मी. आता बघितली.